सैन्य, संख्या आणि माणूस

शिवाजी पार्कावर पहाटे फिरावयास जाण्याचा आमचा परिपाठ बराच जुना आहे. (हें मैदान १९२७ पर्यंत माहीम पार्क या नांवानें ओळखलें जात असे, आम्हां माहीमकरांना ही गोष्ट सांगितल्यावांचून राहवत नाहीं, तेव्हां वाचकांनीं क्षमा करावी.) हिंवाळ्यांत तेथें कांहीं तरुण धांवतांना दिसतात. त्यांचें धांवणें प्रकृतीसाठीं धांवणाऱ्या गृहस्थांसारखें नसतें. एकाच्या हातीं घड्याळ असतें, बाकीचे जिवाच्या आकांतानें धांवत असतात, आणि फेरी संपली कीं सारे त्या घड्याळावर ओणवे होतात. सोळाशें मीटर अंतर साडेपांच मिनिटांत कापावयाचें, हा सैन्यभरतीचा जुना दंडक. त्याची ही तयारी.

या तरुणांपैकीं एक आमचा विद्यार्थी होता. घराणें मूळचें सातारा जिल्ह्यांतलें. आजोबा मराठा पलटणींत शिपाई होते आणि पलटण सुटल्यावर लालबागच्या एका गिरणींत पहारेकरी म्हणून राहिले. २०२३ च्या फेब्रुवारींत एके सायंकाळीं हा मुलगा आमच्या घरीं आला. भरतीचा अर्ज संगणकावरून भरावयाचा होता व त्यांतील इंग्रजीविषयीं त्याला शंका होत्या. अर्ज भरून झाला. जातां जातां दारांत थांबून तो म्हणाला, “सर, एक विचारू? शंभरातले पंचवीस ठेवणार आणि पंचाहत्तर घरी जाणार, हे आधीच ठरलंय. मी कुठल्या बाजूचा, ते मात्र चार वर्षांनी कळणार. मग आज मी कोण?”

आम्हीं त्याला कांहींतरी उत्तर दिलें. काय दिलें तें आतां आठवत नाहीं, यावरूनच तें किती मोलाचें होतें तें कळेल. प्रश्न मात्र मनांतून गेला नाहीं. त्यांत गाऱ्हाणें नव्हतें. पंचविसांत येण्याची उमेद त्याला होतीच. त्याला खटकलें होतें तें निराळेंच. आपण अजून एकही कवाईत केलेली नसतां आपल्याविषयींचा एक निर्णय होऊन बसला आहे, आणि त्या निर्णयांत आपलें नांव मात्र कोठेंच नाहीं, हें तें खटकणें होतें.

ज्यांना या योजनेची नीट ओळख नसेल त्यांच्यासाठीं चार शब्द. १४ जून २०२२ रोजीं केंद्र सरकारनें ‘अग्निपथ’ या नांवाची योजना जाहीर केली. साडेसतरा ते एकवीस वर्षे वयाचे तरुण (पहिल्या वर्षापुरती ही मर्यादा तेवीसपर्यंत वाढविली होती, कारण महामारीमुळें दोन वर्षें भरतीच झाली नव्हती) चार वर्षांसाठीं सैन्यांत घ्यावयाचे. चार वर्षांअंती त्यांतील फार तर पंचवीस टक्के कायम करावयाचे, त्यांनीं पुढें निदान पंधरा वर्षे चाकरी करावयाची. बाकीच्यांना सुमारें ११.७१ लाख रुपयांचा ‘सेवा निधि’ देऊन निरोप द्यावयाचा. निवृत्तिवेतन नाहीं. या निधींतला अर्धा भाग शिपायाच्या वेतनांतून कापलेला असतो. सैन्याचें सरासरी वय बत्तिसांवरून सव्विसांवर यावें, हा हेतु सांगितला गेला. योजना जाहीर होतांच बिहारांत व अन्यत्र आगगाड्या जाळल्या गेल्या. तो प्रकार निंद्यच होता, आणि त्याचें समर्थन करण्याचा आमचा विचार नाहीं.

आतां हे आंकडे येतात कोठून? सैन्याचें मनुष्यबळ किती, कोणत्या वयाचें, कोणत्या पदाचें असावें, याचा विचार जगांतील सर्व मोठ्या राष्ट्रांत आतां गणिताच्या साहाय्यानें होतो, आणि तें गणित संगणक करितो. त्याला ‘मॉडेल’ म्हणण्याची चाल आहे. आम्ही प्रतिमान म्हणूं. त्याची रीत अगदीं सोपी असते. पहिल्या वर्षाचे शिपाई इतके, दुसऱ्याचे इतके, याप्रमाणें रकाने पाडावयाचे. एका रकान्यांतून दुसऱ्यांत दरवर्षीं शेंकडा किती जातात, किती बढती पावतात, किती जायबंदी होतात, किती सोडून जातात, तें मागील अनुभवावरून भरावयाचें. मग यंत्राला सांगावयाचें कीं, पंधरा वर्षें पुढें जा आणि काय दिसतें तें दाखव. भरती थोडी वाढविली तर काय, बढती एक वर्ष लांबविली तर काय, असे शंभर प्रश्न एका दुपारींत विचारतां येतात.

सामान्य वाचकालाहि याचा ढोबळ हिशेब कागदावर करतां येईल. समजा, शंभर जागा सदैव भरलेल्या ठेवावयाच्या आहेत. प्रत्येक शिपाई सतरा वर्षे राहत असेल, तर दरवर्षीं सुमारें सहा जण घ्यावे लागतात. नव्या रीतींत प्रत्येकजण चार वर्षें राहतो, व चौघांतील एक आणखी पंधरा वर्षे राहतो. म्हणजे दर माणशीं सरासरी पावणेआठ वर्षें. तेव्हां त्याच शंभर जागांसाठीं दरवर्षीं तेरा जण घ्यावे लागतील. कोणत्याहि क्षणीं त्या शंभरांतले निम्म्याहून किंचित् अधिक चार वर्षांच्या आंतले असतील. सैन्य तरुण झालें, खर्च आटोक्यांत आला, जागा भरलेल्या राहिल्या. हिशेबांत कोठें चूक नाहीं. पण तेरा घेतले आणि तीन-सव्वातीन ठेवले, तर दरवर्षीं साडेनऊ-पावणेदहा माणसें कोठेंतरी जातात. कोठें? प्रतिमानांत त्यांच्यासाठीं रकाना नाहीं. ‘बाहेर’ एवढाच एक बाण असतो, आणि तो कागदाच्या कडेला जाऊन संपतो.

आमचा आक्षेप गणितावर आहे असें मात्र कोणी समजूं नये. सैन्य हें मोजल्यावांचून होतच नाहीं. महाभारतकारांनीं अक्षौहिणीचें जें मान दिलें आहे तें पाहा : एक रथ, एक हत्ती, तीन घोडे व पांच पायदळ मिळून एक पत्ति, तिला तिनानें गुणीत गुणीत सात पायऱ्या चढावयाचें, आणि शेवटीं दहानें गुणावयाचें, म्हणजे २१,८७० रथ, तितकेच हत्ती, ६५,६१० घोडे आणि १,०९,३५० पायदळ. हें प्रतिमान नव्हे तर काय? अशा अठरा अक्षौहिणी कुरुक्षेत्रावर उभ्या राहिल्या तोंपर्यंत अर्जुनाला कांहीं वाटलें नाहीं. रथ दोन्ही सैन्यांच्या मध्यें नेऊन उभा केल्यावर त्याला आजे, मामे, गुरु, मेहुणे दिसूं लागले आणि हातांतलें धनुष्य गळालें. गीतेचें तत्त्वज्ञान पुढें आहे आणि त्याविषयीं थोरांनीं पुष्कळ लिहिलें आहे. आमच्या मतें तिचा पहिला अध्यायहि तेवढाच विचार करण्याजोगा आहे, कारण संख्येचीं माणसें होतात ती घटका त्यांत पकडलेली आहे. श्रीकृष्णानें अर्जुनाला पुन्हां संख्येकडे पाहावयास सांगितलें नाहीं, ही गोष्टहि लक्षांत घेण्यासारखी आहे. ज्याला लढविलें त्याच्याशीं अठरा अध्याय बोलावें लागलें.

आपल्या इतिहासाकडे वळलों तर छत्रपतींच्या फौजेंत नाईक, हवालदार, जुमलेदार, हजारी अशी चढती साखळी होती व तिची गणती काटेकोर होती. दसऱ्यास लष्कर मोहिमेस निघतांना प्रत्येक आसामीजवळ काय आहे याची टीप होई, आणि परत आल्यावर त्या टिपेशीं ताळा पाहिला जाई. इतकी बारीक मोजणी आजचा संगणकहि करणार नाहीं. पण त्याच सभासदाच्या बखरींत, अफझलखानाच्या प्रसंगीं जे पडले त्यांच्या मुलांना चालविलें, आणि ज्यांना पुत्र नव्हते त्यांच्या बायकांना निमें वेतन करून दिलें, अशी नोंद आहे. म्हणजे त्या जाबत्याला, फौजेंतून बाहेर गेलेल्या माणसासाठीं एक रकाना होता. मोजणी कोठें थांबते, यावर मोजणाऱ्याची नीति कळते असें आम्हांला वाटूं लागलें आहे.

आमचे एक गणिताचे प्राध्यापक स्नेही आहेत. त्यांच्याशीं हा विषय काढला तेव्हां ते हंसले. “तुम्ही साहित्यवाले,” ते म्हणाले, “यंत्र पाहिलेंत कीं लगेच तुमचा माणूस धोक्यांत येतो! अहो, यंत्राला वशिला चालत नाहीं. तें जात विचारीत नाहीं, गांव विचारीत नाहीं, लांच घेत नाहीं. भरतीच्या मैदानावर दलाल काय करीत असत तें तुम्हांला ठाऊक नाहीं काय? माणसाला माणसानें पारखावें, असें म्हणतां. पण पारखणारे कोण होते, तें जरा आठवा.”

आम्हीं आठवून पाहिलें, आणि स्नेह्यांचें म्हणणें निम्में खरें आहे असें कबूल करावें लागलें. मुंबई इलाख्याच्या फौजेंत महारांची भरती कंपनीच्या काळापासून होत असे. कोरेगांवच्या स्तंभावर ‘नाक’ शेवटीं असलेलीं नांवें कोरलेलीं आहेत तीं त्यांचींच. पुढें, एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धांत, हिंदुस्थानांत कांहीं जाती जन्मतःच लढाऊ व कांहीं नाहींत, असा एक सिद्धान्त लष्करी अधिकाऱ्यांत मान्यता पावला. १८८५ ते १८९३ पर्यंत सरसेनापति असलेले लॉर्ड रॉबर्ट्स यांचा ओढा उत्तरेकडील लोकांकडे होता. १८९२-९३ च्या सुमारास महारांची भरती बंद झाली. हा निर्णय कोणत्याहि यंत्राचा नव्हता. आपल्याला ‘माणसें कळतात’ अशी खात्री असलेल्या, घोड्यावर बसून पलटणी पाहिलेल्या, अनुभवी सभ्य गृहस्थांचा तो होता. त्यांच्याजवळहि प्रतिमानच होतें. फक्त तें डोक्यांत होतें, कागदावर नव्हतें, म्हणून त्यांतली चूक कोणाला दाखवितां येत नव्हती.

या निर्णयाचा परिणाम किती घरांवर झाला! कोंकणांत, विशेषतः दापोलीच्या बाजूस, पेन्शनर महारांचीं घरें होतीं. त्या घरांतून अक्षरओळख आली होती, शिस्त आली होती. डॉ. आंबेडकरांचे वडील सुभेदार रामजी सकपाळ हे अशाच परंपरेंतले. ती वाट एका फटक्यासरशीं बंद झाली. १८९४ सालीं गोपाळबाबा वलंगकर यांनीं, जे स्वतः निवृत्त सैनिक होते, सरकारकडे धाडण्यासाठीं अर्ज तयार केला. १९१० सालीं शिवराम जानबा कांबळे यांनीं विलायतेंतील भारतमंत्र्यांपर्यंत दाद मागितली. पहिल्या महायुद्धांत माणसांची टंचाई भासूं लागतांच १९१७ सालीं १११ वी महार पलटण उभी राहिली, आणि गरज सरल्यावर १९२१ पर्यंत ती मोडलीहि गेली. दुसरें महायुद्ध आलें तेव्हां, १ ऑक्टोबर १९४१ रोजीं बेळगांव येथें महार रेजिमेंट स्थापन झाली. त्याच रेजिमेंटमधून पुढें जनरल कृष्णराव आणि जनरल सुंदरजी हे दोन सरसेनापति देशाला मिळाले, आणि तिच्याच मेजर रामस्वामी परमेश्वरन यांना १९८७ मधील श्रीलंकेंतील लढाईसाठीं मरणोत्तर परमवीरचक्र मिळालें. तेव्हां पन्नास वर्षांचें तें ‘ज्ञान’ कितपत ज्ञान होतें, हें वेगळें सांगावयास नको.

हें सारें आम्हीं स्नेह्यांपुढें मांडलें तेव्हां त्यांना आनंद झाला, कारण पुरावा त्यांच्याच बाजूचा होता. पण आम्हीं त्यांना एक प्रश्न विचारला. समजा, १९४० सालीं तुमचें यंत्र असतें, आणि मागील चाळीस-पंचेचाळीस वर्षांच्या भरतीच्या नोंदवह्या त्याला वाचावयास दिल्या असत्या. त्या वह्यांत महार शिपाई किती दिसले असते? युद्धकाळांतलीं तीं तीन-चार वर्षे सोडलीं तर जवळजवळ शून्य. यंत्रानें प्रामाणिकपणें, जात न विचारतां, लांच न घेतां, कोणता निष्कर्ष काढला असता? या वस्तींतून शिपाई मिळत नाहींत, येथें भरतीचें ठाणें ठेवणें व्यर्थ खर्च आहे, हाच. रॉबर्ट्ससाहेबांचा ग्रह यंत्रानें आंकड्यांच्या रूपानें आणखी पन्नास वर्षें जपून ठेवला असता, आणि त्याला ग्रह म्हणण्याची सोयहि राहिली नसती.

स्नेही थोडा वेळ गप्प बसले. मग म्हणाले, “यंत्राला शून्य कां आलें तें विचारावयाचें असतें. तें विचारणारा गणिती चांगला, न विचारणारा वाईट.” हें उत्तर आम्हांला पटलें. पण त्याचा अर्थ असा झाला कीं, चांगुलपणा गणितांत नसून विचारण्यांत आहे. आणि विचारण्याची संवय आंकड्यांच्या सहवासांत वाढते कीं मरते, हा प्रश्न उरलाच.

ती मरतांना जगानें एकदां चांगलीच पाहिली आहे. अमेरिकेचे संरक्षणमंत्री रॉबर्ट मॅक्नमारा हे दुसऱ्या महायुद्धांत विमानदलाच्या संख्याशास्त्रीय खात्यांत काम करून पुढें आलेले. आंकड्यांवर त्यांची श्रद्धा मोठी. १९६६ सालीं व्हिएतनामसाठीं माणसें कमी पडूं लागलीं तेव्हां त्यांनीं बुद्धिमापन-परीक्षेंत पूर्वीं नापास होणाऱ्यांना दरवर्षीं एक लाख या प्रमाणांत घेण्याची योजना काढली. गरिबांच्या मुलांना शिस्त व शिक्षण मिळेल, असा उदात्त हेतु तिला जोडला होता. साडेतीन लाखांच्या आसपास माणसें अशीं घेतलीं गेलीं. त्यांच्यांतील मरणाचें प्रमाण इतरांहून बरेंच अधिक होतें. पट्टी खालीं सरकवितांच रकाना भरला, एवढें गणितानें दाखविलें. नीट वाचतां न येणारा मुलगा रानांत भुसुरुंगापुढें काय करील, हें दाखविण्याचें काम त्याला कोणीं सांगितलेंच नव्हतें. पुढें डिसेंबर १९६९ मध्यें, निदान पक्षपात तरी नको म्हणून, जन्मतारखांच्या ३६६ चिठ्ठ्या कुप्यांत घालून सोडत काढली, तर कुप्या नीट मिसळल्याच नव्हत्या. वर्षाअखेरच्या महिन्यांत जन्मलेल्यांच्या चिठ्ठ्या लौकर निघाल्या. निःपक्षपातीपणासुद्धां कोणींतरी हातानें नीट ढवळावा लागतो!

कान्ट या जर्मन तत्त्ववेत्त्याचें एक मत आमच्या पिढीनें महाविद्यालयांत पाठ केलेलें आहे, कीं माणसाला केवळ साधन म्हणून वापरूं नये, तो स्वतःच साध्य आहे. परीक्षेंत आम्हीं यावर पुष्कळ लिहिलें. परंतु सैन्याला तें जसेंच्या तसें लावतां येत नाहीं, कारण शिपाई हा राष्ट्ररक्षणाचें साधन होण्याचें आपण होऊनच पत्करतो. त्यांतच त्याची थोरवी आहे. ‘केवळ’ या शब्दांत सगळें आलें. जो स्वतःला साधन म्हणून देतो त्याला आपण कोणाला दिलें हें ठाऊक असावें, आणि ‘मला कां ठेवलें नाहीं’ असें विचारल्यास उत्तर देणारें एक तोंड असावें, एवढें तरी त्या ‘केवळ’मध्यें बसतें असें आम्हांला वाटतें. वलंगकरांचा अर्ज व्यर्थ गेला. पण अर्ज कोणाविरुद्ध करावयाचा हें त्यांना ठाऊक होतें. त्या निर्णयाला सही होती. जुन्या पलटणींत सुभेदारानें एखाद्याला नालायक ठरविलें तर तो अन्यायहि असूं शके, परंतु त्या माणसाला सुभेदाराच्या डोळ्यांत पाहतां येत असे. पंचवीस टक्क्यांच्या नियमांत मात्र सर्वच्या सर्व शंभर लायक ठरले तरी पंचाहत्तरांना जावेंच लागतें. त्यांना नालायक कोणीं म्हटलेलें नसतें, म्हणून दाद मागावयाची तरी कशाची?

सरकारच्या बाजूनेंहि बोलावयास हवें. डोंगरावर चौदा-पंधरा हजार फूट उंचीवर चाळिशीचा शिपाई उभा करावा काय? कारगिलनंतर अधिकाऱ्यांचेंहि वय खालीं आणावें लागलें, त्यासाठीं ए. व्ही. सिंग समिति बसली आणि २००४ च्या अखेरीस तिच्या शिफारशींप्रमाणें बढत्यांचीं वर्षें कमी झालीं. त्याबद्दल कोणी आगगाड्या जाळल्या नाहींत. निवृत्तिवेतनाच्या बोजाखालीं नवीं शस्त्रें घेणें कठीण व्हावें, हेंहि शिपायाच्या हिताचें नाहीं. ‘बाहेर’च्या बाणाचा विचार अगदींच झाला नाहीं असेंहि नाहीं : २०२२ च्या जूनमध्येंच केंद्रीय सशस्त्र पोलीस दलांत अशा तरुणांसाठीं दहा टक्के जागा राखण्याचें जाहीर झालें. आमचें म्हणणें इतकेंच कीं, हा विचार प्रतिमानाच्या नंतर आला, गाड्या पेटत असतांना आला. तो आधींच हिशेबांत असता, चार वर्षांनंतरच्या दहा वर्षांचे रकाने त्याच तक्त्यांत ओढलेले असते, तर शेंकडा पंचवीस हाच आंकडा बाहेर पडला असता कीं दुसरा, हें आमच्या गणिती स्नेह्यांनाहि सांगतां येईना. “रकाने ओढणें आमच्या हातीं नसतें,” ते म्हणाले. तें कोणाच्या हातीं असतें, असें विचारण्याचें आम्हीं टाळलें. चहा थंड होत होता.

तो विद्यार्थी निवडला गेला. त्या वर्षापासून आधीं संगणकावर परीक्षा आणि मग मैदान अशी रीत झाली होती, तेव्हां धांवण्याआधीं त्याला पडद्यासमोर बसावें लागलें. पण दोन्हींत तो उतरला. बेळगांवला जाण्याच्या आदल्या दिवशीं आईला घेऊन पेढे द्यावयास आला. सोबत आजोबांचें पलटणींतून सुटतांना मिळालेलें पुस्तक आणलें होतें, कोणीतरी नीट वाचून दाखवावें म्हणून. पानें पिंवळीं पडलेलीं. उजव्या भुंवईवर व्रण, डाव्या हातावर तीळ, बायकोचें नांव, गांव, तालुका, टपाल; आणि शेवटीं कोणा साहेबाच्या वळणदार अक्षरांत वर्तणुकीविषयीं दोन ओळी. हा मनुष्य भरंवशाचा आहे, कष्टाळू आहे, पहाऱ्याच्या कामास योग्य आहे, अशा अर्थाच्या. गिरणींतली नोकरी त्या दोन ओळींवर लागली, असें आई म्हणाली.

“मला असं मिळेल का, सर?” मुलानें विचारलें.

प्रमाणपत्र मिळतें, असें आम्हीं सांगितलें. कौशल्यांची त्यांत नोंद असते हेंहि सांगितलें. त्यानें मान हलविली. मग आईला म्हणाला कीं, पुस्तक घरांत नको, भिंतीला ओल येते. तिनें तें दोन प्लास्टिकच्या पिशव्यांत गुंडाळून आमच्याकडे ठेवावयास दिलें. तें आमच्या कपाटांत शब्दकोशांच्या मागें आहे.